शेवटचा पक्षी दिसल्यापासून पंधरा दिवस

पुणे
६ सप्टेंबर २०१५

प्रिय साजिदा,

आईचं ऑपरेशन नीट झालं, पण खुब्यात रॉड घातलाय आणि तीन महिने तिला एकटीला सोडायचं नाही असं डॉक्टरांनी बजावलंय. म्हणजे डिसेंबरपर्यंत तरी मी दोह्याला येत नाही. अवधूतचा डबा आणि घर तू बघतेस म्हणून मी इथे निर्धास्त आहे. दुसऱ्या कुणाला मी माझ्या स्वयंपाकघरात उभंसुद्धा केलं नसतं. तू आमच्या घरातलीच.

आईच्या उशाशी फोन वाजलेला तिला चालत नाही, आणि फोनवरचं बोलणं हवेत जातं. म्हणून आपण पत्रं लिहू. कागदावर लिहायचं, फोटो काढायचा, पाठवायचा. तू म्हसळ्याच्या शाळेत मराठीत पहिली आली होतीस, तेव्हा अक्षर वाईट आहे वगैरे सबबी नकोत!

आता महत्त्वाचं. मागच्या दारचा, पक्ष्यांना साखरपाणी ठेवायचा लाल फीडर. टेक्सासहून नुपूरताईने पाठवलेला. तिकडे सप्टेंबर-ऑक्टोबरात हमिंगबर्ड दक्षिणेकडे निघतात. खायला मिळत राहिलं तर पक्षी जायचंच विसरेल, या भीतीने लोक फीडर लवकर काढतात. तसं काही नसतं म्हणे. पक्षी आपल्या वेळेला जातोच, पण मागे राहिलेल्या एखाद्या दमलेल्याला तो शेवटचा घोट मिळायला हवा. म्हणून तिचा नियम आहे: शेवटचा पक्षी दिसल्यापासून पंधरा दिवस फीडर ठेवायचा, मगच काढायचा.

आपल्याकडे उन्हाळ्यात यायचा तो काळा-जांभळा गेला. आता ते पिवळट छोटे येतात ना, ते प्रवासी. त्यांच्या तारखा आणि वेळा लिहून ठेव. दोह्याच्या मराठी मंडळाच्या जानेवारीच्या अंकात माझा लेख आहे. साखर एक वाटी, पाणी चार वाट्या. गूळ किंवा मध अजिबात नको, त्याने पक्षी आजारी पडतात.

तू जूनमध्ये रजेचं म्हणाली होतीस, ते लक्षात आहे. पक्षी गेले, पंधरा दिवस झाले, की फीडर धुऊन कपाटात ठेव आणि खुशाल गावी जा. अवधूत तुझं देशाबाहेर जायचं परमिट करतील.

तुझी,
नमितावहिनी


मदिनत खलीफा, दोहा
२० सप्टेंबर २०१५

नमितावहिनींना साजिदाचा सलाम.

आईंच्या पायासाठी रोज दुआ करते. घर ठीक आहे. साहेब सकाळी सहाला लुसैलच्या बांधकामावर जातात ते संध्याकाळी धुळीने पांढरे होऊन येतात. डबा रिकामा येतो. भेंडी मात्र परत येते.

नोंदी. ११ सप्टेंबर, सकाळी सहा, हिरवळीवर दोन हुदहुद. १५ सप्टेंबर, शेजारच्या तारेवर वेडे राघू, मोजून एकोणीस, दुपारी उडाले ते परत आले नाहीत. पिवळट पक्षी रोज येतो, सकाळी साडेसहा आणि संध्याकाळी पाच. इथल्या उन्हात साखरेचं पाणी दुपारपर्यंत आंबतं, म्हणून दिवसातून दोनदा बदलते.

वहिनी, एक सांगू का? हुदहुद आणि राघू प्रवासी आहेत, खरं. पण हा पिवळट कुठे जाणारा नाही. हा शिंजीर आहे. आमच्या परसात जास्वंदीवर बारा महिने असतो. तुमचा काळा-जांभळाही कुठे गेलेला नाही, तो हाच. विणीचे दिवस संपले की नर आपला झगमगीत कपडा उतरवतो. गळ्यापासून पोटापर्यंत काळी रेघ तेवढी राहते. फोटो पाठवलाय, बघा. याच्या जाण्याची वाट बघितली तर आपण दोघी म्हाताऱ्या होऊ.

आता माझं. माझ्या लेकीला, अजराला, आठवा लागलाय. नोव्हेंबरच्या दहा तारखेच्या आसपासचा हिशेब सांगितलाय. गेल्या वर्षीचं तुम्हाला माहीत आहे, बाळ पोटातच गेलं, तेव्हाही मी इथेच होते. तिची सासू हयात नाही. जावई सुफियान जहाजावर आहे, जानेवारीशिवाय उतरत नाही. शेजारच्या जैतूनचाची रात्री सोबतीला येतात, पण त्या सत्तरीच्या. मला ऑक्टोबरच्या मध्यावर जाऊ द्या. माझ्या जागी चार आठवडे यायला इथल्याच ओळखीची सलमा तयार आहे, भेंडीसुद्धा चांगली करते.

आपली,
साजिदा


पुणे
२८ सप्टेंबर २०१५

प्रिय साजिदा,

एकोणीस वेडे राघू! आणि वेळेसकट! तुझं पत्र मी आईला मोठ्याने वाचून दाखवलं. ती म्हणाली, ही बाई शिक्षिका व्हायची.

शिंजीर म्हणतेस ते मात्र मला पटत नाही गं. म्हसळ्यात जास्वंद आहे, पाऊस आहे. तिथला पक्षी वाळवंटात कशाला राहील? नुपूरताईला तुझा फोटो पाठवला. ती म्हणाली, अगदी हमिंगबर्डसारखाच आहे, तेव्हा नियमही तोच लावा. काळ्या रेघेवाला बहुतेक निराळा प्रवासी असावा. त्याची वेळ वेगळी लिही.

अजराची काळजी करू नकोस. हल्ली सगळीकडे सोयी असतात. माझ्या वेळेला अवधूत कतारात आणि मी पुण्यात, झालंच ना सगळं! पक्षी साधारण ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात जातील असं मी धरलंय. त्यात पंधरा दिवस घाल. म्हणजे वीस-बावीसला तू मोकळी. बाळंतपणाला चांगली पोचतेस. सलमा वगैरे नको, अवधूतना नवीन माणसाची चीड येते.

संध्याकाळच्या पाचचा पक्षी अजून येतो का ते नक्की कळव.

तुझी,
नमितावहिनी


मदिनत खलीफा
९ ऑक्टोबर २०१५

नमितावहिनींना सलाम.

येतो. पाचचा येतो, साडेसहाचा येतो, आता दुपारी बारालाही येतो. गोड पाणी फुकट मिळतंय, तो कशाला जाईल? आणि न मिळालं तरी हा जाणार नाही, कारण याला जायचंच नाहीये. हे मी दुसऱ्यांदा लिहितेय.

परवा अजराला तपासणीला नेलं होतं. ब्लडप्रेशर एकशे पन्नासच्या वर. पाय सुजलेत, चपला जात नाहीत. डॉक्टरीणबाईंनी पडून राहायला सांगितलंय. पडून राहिली तर विहिरीवरून पाणी कोण आणणार? मी फोनवर ओरडले तर म्हणाली, तू नको ओरडू, माझं डोकं दुखतं. तिचं डोकं सारखं दुखतं, वहिनी. मला ते आवडत नाही.

मी साहेबांना विचारलं. ते चांगले आहेत, ओरडत नाहीत. म्हणाले, "हे बघ साजिदा, घरातलं सगळं मॅडम ठरवतात. मला यात पाडू नकोस. त्या हो म्हणाल्या की मी लगेच करतो." मी म्हटलं, पासपोर्ट तरी द्या, माझ्याजवळ असू दे. तर म्हणाले, ऑफिसच्या लॉकरमध्ये आहे, तिथे सुरक्षित आहे.

समोरच्या घरचा ड्रायव्हर इब्राहीम, रत्नागिरीचा. त्याचा मामा वारला तेव्हा त्याच्या साहेबाने सिग्नलला गाडी थांबली असताना फोनवर दोन बटणं दाबली आणि परमिट झालं. सिग्नल सुटायच्या आत. तेवढंच काम आहे.

मी तुमच्याकडे सहा वर्षं आहे. कधी काही मागितलं नाही. आता हात जोडून मागते. मला जाऊ द्या.

साजिदा


पुणे
१४ ऑक्टोबर २०१५

प्रिय साजिदा,

तुझ्या पत्राचा सूर थोडा लागला मला. मी तुला नाही म्हटलेलंच नाही. तारीखसुद्धा मी ठरवलेली नाही, ती पक्ष्याने ठरवायची आहे. याहून सरळ काय असतं?

आणि मी तरी इथे काय मजा मारतेय? आईला रोज सकाळी बसवायचं, तिचं सगळं करायचं. काल ती रडली, म्हणाली तू नसतीस तर मी गेले असते. अशा वेळी आईजवळ मुलीने असावं लागतं गं. तिला टाकून मी येऊ शकत नाही, म्हणून तर तुझ्यावर सगळं सोपवलंय. तू समजून घेशील असं वाटलं होतं.

विहिरीवर जायला शेजारचं कुणीतरी बघ. पक्ष्याचं कळव.

नमितावहिनी


मदिनत खलीफा
२७ ऑक्टोबर २०१५

नमितावहिनींना सलाम.

नोंद. पिवळट पक्षी शेवटचा १२ ऑक्टोबरला दिसला, सकाळी साडेसहा. त्यानंतर नाही. आज पंधरा दिवस पूर्ण झाले. फीडर धुऊन कपाटात ठेवला. नियमाप्रमाणे साहेबांना परमिटचं सांगावं ही विनंती. परवाच्या विमानात जागा आहे.

साजिदा


पुणे
२९ ऑक्टोबर २०१५

साजिदा,

कसं लिहू तेच कळत नाहीये. २४ तारखेला सकाळी अवधूतनी चहा पिताना खिडकीतून फोटो काढून मला पाठवला होता. फीडरवर बसलेला पक्षी. खाली तारीख आणि वेळ आहे. मी तो आईला दाखवला, मंडळाच्या ग्रुपवरसुद्धा टाकला. आणि तू मला लिहितेस, बारा तारखेनंतर नाही.

खोटं बोललीस याचं वाईट वाटतं. तुझ्यावर मी घर टाकलं होतं. आता मागच्या सगळ्या नोंदींवर मी कसा विश्वास ठेवू? एकोणीस राघू तरी खरे होते का?

रजा मी रद्द करत नाहीये. मी तशी नाही. पण नियम सगळ्यांना सारखा. फीडर परत लाव. २४ पासून मोज.

नमिता


मदिनत खलीफा
३० ऑक्टोबर २०१५

नमितावहिनी,

एकोणीस राघू खरे होते. बारा तारीख खोटी होती. सहा वर्षांत तुमच्याशी पहिल्यांदा खोटं बोलले आणि तेही मला धड जमलं नाही.

का जमलं नाही ते ऐका. तेरा तारखेला मी फीडर रिकामा करून ठेवला. म्हटलं, मिळालं नाही तर येणार नाही, मग लिहिताना खोटंही होणार नाही. तो आला. रिकाम्या नळीत चोच घालून बसला, उडाला, परत आला. असं आठ दिवस. आसपास एक फूल नाही, बाहेर सगळी धूळ. मला बघवेना. एकविसाला मी परत साखर विरघळवली. त्यातलंच पिताना साहेबांनी त्याचा फोटो काढला. मी दगड असते तर आज घरी असते.

तुम्ही लिहिता नियम सगळ्यांना सारखा. मग मला सांगा, तुम्ही पुण्याला गेलात तेव्हा कुठल्या पक्ष्याला विचारलंत? आईजवळ मुलीने असावं लागतं असं तुम्हीच लिहिलंय. मुलीजवळ आईने असावं लागतं हे कुणी लिहायचं? मी लिहिलं, तीन वेळा लिहिलं. प्रत्येक पत्रात तुम्ही विचारलंत पक्षी किती वाजता आला. अजराचं प्रेशर किती, हे एकदा तरी विचारलंत का? न विचारता सांगते. काल एकशे सत्तर होतं. तिला डोळ्यांपुढे ठिपके दिसतात. जैतूनचाची म्हणतात, चेहरा ओळखू येत नाही इतका सुजलाय.

फीडर परत लावलाय. आत्ता त्यावर तो बसलाय. उद्याही बसेल, डिसेंबरातही बसेल. २४ पासून मोजा नाहीतर कयामतपर्यंत मोजा.

माझ्या हातात काही नाही. पासपोर्ट नाही, परमिट नाही. विमानतळापर्यंत टॅक्सीने पाऊण तासही लागत नाही आणि मी जाऊ शकत नाही. मला राग येतो तेव्हा मी भांडी घासते, आता घासायला भांडी उरली नाहीत. तुमच्या पाया पडते. नंतर मला कामावरून काढून टाका, पण आधी जाऊ द्या.

साजिदा


पुणे
४ नोव्हेंबर २०१५

प्रिय साजिदा,

तुझं पत्र चार दिवस फोनमध्ये तसंच ठेवून होते. राग आला होता. खोटं नाही सांगत.

आज लेखासाठी इथल्या एका सरांकडे गेले होते. पक्ष्यांवर चाळीस वर्षं काम केलंय त्यांनी. फोटो दाखवून विचारलं, हा कधी परत जातो? ते हसले. म्हणाले, "जातो कुठे? हा शिंजीर. नर आहे, पिसं उतरवलेला. रेघ दिसत नाही का तुम्हाला? एकदा घर धरलं की हा तिथलाच. अमेरिकेतला नियम याला कसा लागेल?"

घरी येऊन मी तुझं वीस सप्टेंबरचं पत्र काढलं. तू अक्षर न् अक्षर हेच लिहिलं होतंस. रेघसुद्धा. सरांचं मी एका वाक्यात ऐकलं आणि तुझं दीड महिना ऐकलं नाही. मला स्वतःची लाज वाटते, साजिदा.

अवधूतना लगेच फोन केला. परमिट झालंय. हो, दोन मिनिटं लागली. पासपोर्ट ते दुपारीच घेऊन येतील. उद्याच्या विमानाचं तिकीट काढलंय. अजराला माझा आशीर्वाद सांग. तिच्या प्रेशरचं कळव, खरंच कळव.

तुझ्या लेकीचं सगळं नीट होऊ दे. मग परत कधी येतेस तेही सवडीने लिही. अवधूतचे जेवणाचे हाल होतील, पण तू त्याचा विचार करू नकोस.

तुझी,
नमितावहिनी


म्हसळ्याजवळून
२२ नोव्हेंबर २०१५

नमितावहिनींना सलाम.

तुम्ही प्रेशरचं कळवायला सांगितलं होतं. आता एकशे तीस आहे.

सहा तारखेला सकाळी मुंबईला उतरले आणि थेट दवाखान्यात गेले, कारण अजरा तिथेच होती; मला हे उतरल्यावरच फोनवर कळलं. तीन तारखेला दुपारी तिला झटके आले. जैतूनचाचींनी आरडाओरडा करून जीप मिळवली. घाटात गाडी हळू घ्यावी लागली. दवाखान्यात पोटावर शस्त्रक्रिया करून बाळ काढलं. मुलगा होता. दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत होता. चार तारखेला तिसऱ्या प्रहरी, असरच्या नमाजाआधी, मोहल्ल्यातल्या माणसांनी त्याला दफन केलं. बाप जहाजावर, आई बेशुद्ध, आजी दोह्यात. त्याच दिवशी तुम्ही मला पत्र लिहीत होता.

मी त्याला पाहिलं नाही. चाचींना विचारलं, कसा होता? त्या म्हणाल्या, कपाळ तुझं होतं. नाव ठेवायचं राहिलं.

तुमच्यामुळे झालं असं मी म्हणत नाही. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, वेळेत आणलं असतं तर कदाचित. मी असते तर ठिपके दिसतात म्हटल्याबरोबर तिला उचलून नेलं असतं, हे मात्र मला माहीत आहे. तुम्हालाही माहीत असू दे. ते माझ्या एकटीच्या डोक्यावर मी ठेवून घेणार नाही.

तुम्हाला लाज वाटली असं लिहिलंत, ते वाचलं. तुमचं मन वाईट नाही. सहा वर्षं मी ते पाहिलंय. वाईट असतं तर मी पहिल्याच पत्रात भांडले असते, तुम्ही समजून घ्याल या आशेवर दीड महिना घालवला नसता. माझं तिथेच चुकलं.

अजरा शुद्धीवर होती. मी खाटेजवळ गेले. वाटलं, ओरडेल, रडेल, आता कशाला आलीस म्हणेल. तिने एवढंच विचारलं, "अम्मा, किती दिवसांसाठी आलीस?"

तिच्या लहानपणी मी परमुलखात कामाला लागले, तेव्हापासून ती दारातच हे विचारते. मी दर वेळी तारीख सांगायचे, आणि ती त्या दिवसापर्यंत दिवस मोजायची. या वेळी मी म्हटलं, जात नाही. तिला ऐकू गेलं नसेल असं वाटून मी पुन्हा सांगितलं. ती म्हणाली, "बरं." आपण परक्या माणसाला म्हणतो तसं.

तुम्हीही तेच विचारलंय, म्हणून तिला दिलं तेच उत्तर तुम्हाला देते. मी परत येत नाही. माझे चार कपडे आहेत ते सलमाला द्या.

पंधरा तारखेला तिला घरी आणलं. मी पाणी भरते, तिला भरवते, केस विंचरते. ती करू देते. पण तिचा अजून विश्वास बसलेला नाही. रोज सकाळी डोळे उघडले की माझ्याकडे बघायच्या आधी ती कोपऱ्यात माझी बॅग आहे का ते बघते.

साजिदा